अर्बाबनं टाइल्सबरोबर आणलेला लेखक

मस्कतात मी बावीस वर्षं काढली. तिकडून काय आणलंत, असं गावात अजून विचारतात. मी सांगतो, साखर आणि किस्से. साखरेवर डॉक्टरनं गोळी दिली आहे. किश्शांवर गोळी नाही! सुताराच्या शेडमधल्या भुशासारखं आहे हे. संध्याकाळी झाडून काढला तरी सकाळी कोपऱ्यात ढीग असतोच.

त्या ढिगातले निम्मे एकट्या इटलीवाल्याचे आहेत. तेवढे सांगून टाकतो.

मी चौथीपर्यंत शिकलो. पाचवीत बसलो होतो, पण मास्तरांचं नि माझं जमलं नाही. तेव्हा ज्यांना ऱ्हस्व-दीर्घ काढायचे असतील त्यांनी इथेच थांबावं. चहा मिळणार नाही.

आमची कंपनी लहान. टीव्हीसाठी सिरियली बनवायची. ऑफिस मदिनत सुलतान काबूसला, तिथं एसी, काचेचं टेबल आणि कोणी न वाचलेली पुस्तकं. सेट बनवायची शेड अल अमेरातला, डोंगराच्या पायथ्याशी, पत्र्याची. उन्हाळ्यात सरस डब्यातल्या डब्यात पातळ व्हायचा. मी तिथला सुतार. माझ्या हाताखाली तिघं, सगळे आमच्या कुडाळ-सावंतवाडीकडचे. मालकाला तिकडे अर्बाब म्हणतात. अरबांना 'प' बोलता येत नाही, म्हणून गणपत मेस्त्रीचा मी झालो गनबत.

*

दोन हजार चौदाच्या आसपासची गोष्ट. अर्बाबनं नवा बंगला बांधला आणि बाथरूमच्या टाइल्स पसंत करायला स्वतः इटलीला गेला. परत आला तो टाइल्सबरोबर एक लेखक ठरवून!

टाइल्स जहाजानं आल्या. अर्ध्या फुटलेल्या. लेखक विमानानं आला. तो दिसायला तरी सबंध होता.

ऑफिसात आमचा नंदू होता, दादरचा टायपिस्ट. स्वतःला फार हुशार समजायचा. त्याचा मला फोन.

"मेस्त्रीकाका, नवीन रायटर आलाय. इटालियन! तिकडे एका सिरियलीत सात वर्षं लिहीत होता."

"मग हाकलला का?"

"हाकलला नाही हो, सिरियल बंद पडली."

"कोणामुळे?"

नंदूनं फोन ठेवला.

*

इटलीवाल्याचं नाव रुजेरो. वय पन्नाशीचं, अंगानं काटकुळा, डोक्यावर केस नाहीत, आणि गळ्यात लोकरीचा मफलर. बाहेर बेचाळीस डिग्री! मी विचारलं, आजारी आहे का हा? तर म्हणे ऑफिसातल्या एसीचा वारा मानेला लागतो, त्यानं माणूस मरतो. म्हणून त्यानं ठरवलं की लिहायला माझ्या शेडमध्ये बसायचं. माझ्याकडे एसी नव्हता. माझ्याकडे पंखासुद्धा एकच, तोही मान हलवायचा पण वारा द्यायचा नाही.

पहिल्या दिवशी मी माझं नाव सांगितलं. "गणपत मेस्त्री."

तो ताडकन उभा राहिला. "माएस्त्रो?"

"माएस्त्रो नाही. मेस्त्री."

"सी, सी! माएस्त्रो!" आणि छातीवर हात ठेवून वाकला. नंतर कळलं, त्यांच्याकडे मोठ्या उस्तादाला माएस्त्रो म्हणतात. आमच्या सरपंचानं मला कधी बसल्या जागेवरून रामराम घातला नाही, आणि हा गोरा उभा राहून वाकतोय! मी म्हटलं, म्हणू दे. नाव सुधारायला मी काय मास्तर आहे?

त्याचं इंग्रजी तुटकं, माझी हिंदी तुटकी. राहिलेलं हातवारे करून. आठवड्याभरात मला त्याची सगळी कुंडली कळली. इटलीत त्यानं सात वर्षं लिहिलं, पण पडद्यावर नाव जायचं दुसऱ्याचं. हा मोठ्या लेखकाच्या हाताखालचा. त्याची आई ब्याऐंशी वर्षांची. ती रोज सिरियल बघायची, शेवटी नावं सरकायला लागली की चष्मा पुसून पुढे बसायची, आणि नावं संपली की पोराला फोन करायची.

"रुजेरो, खरं सांग. तू हॉटेलात भांडी घासतोस ना?"

सात वर्षं! रोज!

म्हणून अर्बाबला त्यानं एकच अट घातली होती. बाकी काही द्या न द्या, पडद्यावर नाव माझं पाहिजे. आईचे दिवस किती राहिलेत कुणास ठाऊक, तिला एकदा दिसलं पाहिजे. अर्बाब काय म्हणाला? "इन्शाल्ला!"

रुजेरो हे सांगताना अगदी खुशीत होता. माझा रंधा लाकडावरच थांबला. मला रंधा मारायची मशीन पाहिजे होती, तिच्यासाठीसुद्धा अर्बाबनं मला इन्शाल्ला म्हटलं होतं. सात वर्षांपूर्वी!

*

रुजेरोला अरबी शिकायची होती. ज्या देशात लिहायचं त्या देशाची भाषा यायला पाहिजे, असं त्याचं मत. मत चांगलं होतं. पण शिकायला बसला आमच्यात! आम्ही चौघं दिवसभर मालवणीत बोलायचो, आणि त्याला वाटलं हीच अरबी. आम्ही काय बोलतो ते वहीत उतरवून घ्यायचा. मी बघत होतो, पण मला वाटलं हिशेब लिहितोय.

अर्बाबचे वडील म्हणजे ऐंशी ओलांडलेला माणूस. कमरेला खंजीर, हातात काठी, समोर अर्बाबसुद्धा मान खाली घालून उभा. एका शुक्रवारी त्यांनी नवीन लेखकाला बघायला घरी बोलावलं. माझ्या हातची लाकडी पेटी भेट द्यायची होती म्हणून मलाही नेलं. पन्नास माणसं भिंतीला टेकून बसलेली, कॉफी फिरतेय, कोणी मोठ्यानं श्वास घेत नाही.

रुजेरो पुढे गेला. छातीवर हात ठेवला. वाकला. आणि खणखणीत आवाजात म्हणाला, "काय म्हाताऱ्या, जेवलंस काय?"

माझ्या हातातली पेटी खाली पडायची राहिली. आमचा रोजचा जेवणाच्या सुट्टीतला राम राम होता तो, माझ्या हाताखालच्या बाबल्यानं मला घातलेला!

म्हाताऱ्यानं कॉफीचा पेला खाली ठेवला. काठीवर हात टेकले. रुजेरोकडे वरपासून खालपर्यंत बघितलं. आणि म्हणाला, "म्हातारो तुझो बापूस!"

तरुणपणी हा गलबत घेऊन खजूर विकायला वेंगुर्ल्यापर्यंत यायचा, हे मला कोणी सांगितलं नव्हतं!

मग म्हातारा असा हसला की डोक्याचं मुंडासं सुटलं. रुजेरोला जवळ बसवून हलवा खायला घातला. परत येताना गाडीत रुजेरो मला म्हणतो, "माएस्त्रो, माझी अरबी फर्स्ट क्लास झाली. बघितलंस? उत्तर आलं!"

*

रुजेरोची गोष्ट होती दोन भावांची, एका बागेवरून भांडणाऱ्या. मूळची इटलीतलीच असावी, कारण आधी बाग द्राक्षांची होती. इथे खजुराची केली. बाकी त्यानं काही बदललं नाही. तो हातानं इंग्रजीत लिहायचा आणि त्याची अरबी करायचे आमचे इस्माईलभाई.

इस्माईलभाई दाभोळचे. मस्कतात तीस वर्षं, अरबी अशी की ओमानी माणूस त्यांना विचारून अर्ज लिहायचा. पाच वेळचे नमाजी, सरळमार्गी. पण भाषांतर करताना त्यांचा एक नियम होता. जे घरात मुलीबाळींसमोर वाचता येणार नाही, ते सिरियलीत नाही.

रुजेरोनं लिहिलं होतं, धाकटा भाऊ दुःखानं सात ग्लास वाईन पितो, ग्लास फोडतो, जमिनीवर पडतो आणि रडतो. वाईन लिहिणं शक्यच नव्हतं. इस्माईलभाईंनी तिथं लबान लिहिलं. लबान म्हणजे ताक!

शूटिंगच्या दिवशी तो नट ताक पितोय. एक ग्लास. दोन ग्लास. डायरेक्टर इजिप्तचा, तो ओरडतोय, "अजून दुःख! अजून दुःख!" सहा वेळा सीन घेतला. म्हणजे बेचाळीस ग्लास! सहाव्या वेळी नट खरोखर जमिनीवर पडला आणि खरोखर रडला.

रुजेरो टाळ्या वाजवत इस्माईलभाईंकडे गेला. "काय नट आहे! इटलीत असं दुःख मी बघितलं नाही!"

इस्माईलभाई म्हणाले, "साहेब, त्याला आधी संडास दाखवा."

*

आता यात माझीही एक चूक आहे. ती लपवत नाही.

रुजेरोनं लिहिलं, मोठ्या भावाची बायको रागानं जिना चढून वर जाते. मी बारा पायऱ्यांचा जिना केला. वर काय? वर काही नाही! एक फळी, बाईला उभं राहण्यापुरती. कॅमेऱ्यात वरचं दिसत नाही, मग लाकूड का घालवा? बाई रागानं वर गेली, फळीवर उभी राहिली, सीन ओके झाला. तेवढ्यात कोणीतरी म्हणालं, "यल्ला, जेवण!" सगळे जेवायला गेले. आणि पुन्हा भिंत पुढे-मागे करायची म्हणून माझ्या माणसांनी जिना काढून नेला!

आम्ही मटण-भात खाऊन, हात धुऊन, वर चहा पिऊन पाऊण तासानं आलो. बाई फळीवर. खाली उतरायला जागा नाही. आवाज बसलेला.

तिनं अर्बाबला तिथल्या तिथं सांगितलं, "मला मारा. पुढच्याच भागात मारा. मी या सेटवर परत येणार नाही."

रुजेरोला माणसं मारायचा सराव होता. इटलीत त्यानं सात वर्षांत तेरा जण मारले होते, असं तो अभिमानानं सांगायचा. त्यानं लगेच बाईला ताप आणला. पण हे अर्बाबच्या आईच्या कानावर गेलं. ती म्हणाली, "एवढी गुणी सून मेली तर मी जेवणार नाही!" आता आली का पंचाईत? बाई येत नाही आणि मारायचीही नाही.

शेवटी इस्माईलभाईंनी तोडगा काढला. सून हवापालटाला सलालाहला गेली. तिकडे दक्षिणेला थंड असतं, पाऊस असतो, नारळ असतात. कोणीही का गेली म्हणून विचारणार नाही.

ही युक्ती इतकी सोयीची पडली की पुढे जो कोणी अर्बाबशी भांडला, तो सलालाहला गेला. सासऱ्याचं काम करणारा पगारावरून बोलला, गेला सलालाहला. नोकराला दुसरीकडे काम लागलं, सलालाह. अकराव्या भागापर्यंत आठ माणसं तिकडे! घरात दोन भाऊ उरले होते, तेही एकमेकांशी बोलत नव्हते.

इस्माईलभाई स्क्रिप्ट खाली ठेवून म्हणाले, "साहेब, आपण शूटिंगच सलालाहला नेऊ या. सगळे तिथंच आहेत!"

*

एक दिवस रुजेरोनं मला शेवया करून घातल्या. मी चावून बघितल्या. मधे कच्च्या! म्हटलं गड्याला येत नसेल, एकटा राहतो. तो हात धुवायला गेला तेव्हा मी पातेलं परत शेगडीवर ठेवलं आणि चांगल्या वीस मिनिटं शिजवल्या. गूळ असता तर खीरच झाली असती. तो आला, पातेल्यात बघितलं आणि मटकन बसला.

अर्बाबनं त्याचे नऊ सीन कापले होते तेव्हा तो काही बोलला नव्हता. त्या शेवयांपायी दोन दिवस माझ्याशी बोलला नाही!

तिसऱ्या दिवशी आला, कारण मी नसलो तर त्याचं काम अडायचं. त्याची कामाची एक पद्धत होती. लिहिलेला सीन तो मला मोठ्यानं वाचून दाखवायचा. इटालियनमधून! मला एक अक्षर कळत नसे. दुपारी जेवून मी फळकुटावर आडवा झालेला असायचो. मी ज्या पानावर झोपलो, ते पान तो फाडायचा. मी ज्या पानाला डोळे उघडले, त्याच्यावर खूण करायचा.

नंदू मला म्हणाला, "काका, तुम्हाला भाषा येत नाही, तुम्ही काय परीक्षा करता?"

मी म्हटलं, "भाषा येणारे जागे राहून काय करतात ते ऑफिसात बघतोय मी."

*

तेरा भाग झाले. दोन राहिले. रमझान तोंडावर आला, आणि अर्बाबच्या मेहुण्याच्या मनात आलं की लेखक म्हणून आपलं नाव लागावं. या मेहुण्यानं आयुष्यात लग्नाच्या कागदाखेरीज कशावर काही लिहिलं नव्हतं. पण बायकोचा भाऊ! अर्बाब काय करणार? त्यानं रुजेरोला सांगितलं, नाव आपल्या माणसाचं जाऊ दे, तुझं पुढच्या सिरियलीला, इन्शाल्ला.

रुजेरो शेडवर आला तो गळ्यात मफलर नाही. तेव्हाच मी ओळखलं की काहीतरी मोठं झालंय. हातात शेवटच्या दोन भागांचे कागद. लाकडाच्या ओंडक्यावर बसला.

"माएस्त्रो, पुढची सिरियल होणार नाही. मला माहीत आहे. तुलाही माहीत आहे. आई म्हणेल, भांडी."

मी म्हटलं, "कागद आण इकडे."

मला काही त्याचा पुळका नव्हता. शेवया अजून दातात होत्या. पण माणसानं पंधरा भाग घाम गाळून लिहायचं आणि नाव बायकोच्या भावाचं? मी दोन प्लाय घेतले, मधे कागद ठेवले, कडेनं सरस लावला, चौफेर खिळे ठोकले आणि ते फळकूट बाकीच्या चाळीस फळकुटांत उभं करून ठेवलं.

दुसऱ्या दिवशी अर्बाब स्वतः शेडमध्ये. पांढऱ्याशुभ्र कपड्यात, भुशात उभा. "गनबत! कागद किधर?"

"है अर्बाब. सेफ है."

"कब मिलेगा?"

मी रंधा खाली ठेवला. "इन्शाल्ला, अर्बाब."

त्यानं माझ्याकडे बघितलं. मी त्याच्याकडे बघितलं.

"इन्शाल्ला मतलब कब?"

"मेरा मशीन का इन्शाल्ला सात साल हुआ, अर्बाब. ये भी वैसाच."

बाबल्या मागच्या मागे पळाला. त्याला वाटलं माझं तिकीट आजच कापलं जाणार. पण अर्बाबच्या मिशा हलायला लागल्या. पोट हलायला लागलं. मग तो त्या फळकुटांना हात टेकून इतका हसला की कपड्याला सरस लागला. "खलास!" म्हणाला. "नाम उसका! खलास!"

मशीन? अजून आलेली नाही!

आता फळकूट फोडायचं तर सरस पक्का बसलेला. करवत लावली ती जरा आत गेली. शेवटच्या पानाची खालची चार बोटं कापली गेली. म्हणजे सिरियलीचा शेवटच गेला! रुजेरोला सांगायची माझी हिंमत नव्हती. इस्माईलभाईंना सांगितलं. त्यांनी एक मिनिट डोळे मिटले आणि शेवट स्वतः लिहिला.

सगळे सलालाहून परत आले आणि जेवायला बसले.

*

आता शेवटचा.

नाव लागणार हे ठरलं. अर्बाबनं स्वतः सांगितलं, पडद्यामागच्या अकरा माणसांची यादी लावा. सगळ्यात वर लेखक. दुसरा डायरेक्टर. असं उतरत उतरत दहावा ड्रायव्हर, अकरावा सुतार. कोणकोणती कामं ते इस्माईलभाईंनी अरबीत एका कागदावर लिहून दिलं, आणि मुलीच्या लग्नाला दाभोळला निघून गेले. नावांचा दुसरा कागद करायचा होता नंदूनं, इंग्रजीत. त्याची अरबी अक्षरं टीव्हीवाले घालणार होते.

नंदूला मस्कतात अकरा वर्षं झाली होती. अरबीचं त्याला एकच माहीत होतं. अरबी उलटी असते!

रमझानची पहिली संध्याकाळ. रोजे सुटले, खाणंपिणं झालं आणि आम्ही सगळे शेडमध्ये टीव्हीसमोर. इस्माईलभाई त्याच सकाळी परत आलेले, लग्नाचे लाडू घेऊन. रुजेरो अगदी पुढे, मफलर घालून, मोबाइल धरून. फोटो काढून तो भाच्याला पाठवणार, आणि भाचा आजीला दाखवणार. आजी तिकडे चष्मा पुसून बसलेली. रुजेरो जागेवर अशा उड्या मारत होता की मी म्हटलं, फोटोत नाव सोडून सगळं येणार.

बाजा वाजला. नावं आली. अकराच्या अकरा, एकाच पाटीवर.

"कुठलं? माझं कुठलं?" रुजेरो ओरडला.

इस्माईलभाईंनी वरची ओळ वाचली. त्यांचा लाडू तोंडातच राहिला. त्यांनी माझ्याकडे बघितलं. परत पडद्याकडे बघितलं. मग पुढे होऊन अगदी खालच्या ओळीवर बोट ठेवलं. "हे. हे तुझं नाव."

खटाखट फोटो!

मी हळूच विचारलं, "इस्माईलभाई, झालं काय?"

"मेस्त्री," ते कानाशी म्हणाले, "लेखक तू आहेस."

नंदू मागून मान उंच करून म्हणाला, "बरोबर आलं ना? अरबी उलटी असते म्हणून मी नावं खालून वर लावली होती!"

पाकिस्तानी ड्रायव्हर डायरेक्टर झाला होता. इजिप्तच्या डायरेक्टरनं आपलं नाव ड्रायव्हरपुढे वाचलं आणि चप्पल काढून नंदूच्या मागे धावला. इस्माईलभाई स्वतः इलेक्ट्रिशियन. अकरांत बरोबर मधला सहावा, मेकअपवाला, तेवढा जागेवर राहिला. आणि मी, पाचवीतून उठलेला माणूस, साऱ्या ओमानात सिरियलीचा लेखक!

या गोंधळात रुजेरोचा फोन वाजला. आई. तिनं फोटो बघितला होता. पण बाई चिवट. म्हणाली, हे किडे-मुंग्या मला वाचता येत नाहीत. हे तुझंच नाव कशावरून? आणि नावाशेजारी काय लिहिलंय?

रुजेरोनं इस्माईलभाईंकडे वळून विचारलं, "नावाशेजारी काय लिहिलंय?"

इस्माईलभाई पंधरा भाग ताक पाजत आले होते, पण रमझानच्या पहिल्या दिवशी त्यांना खोटं बोलायचं नव्हतं. जे लिहिलं होतं ते त्यांनी वाचलं.

"नज्जार."

तेवढंच. अरबीत सुताराला काय म्हणतात ते मला ठाऊक होतं, पण अर्थ कोणी विचारला नाही, त्यांनी सांगितला नाही.

"नज्जार, मम्मा!" रुजेरो फोनमध्ये ओरडला. "नज्जार!" आणि बसकण मारून रडायला लागला. पलीकडून म्हातारीही रडत असावी, कारण फोनमधून काहीच येत नव्हतं, फक्त नाक ओढल्याचा आवाज. मग ती काहीतरी बोलली. रुजेरोनं मला सांगितलं, "आई म्हणते, मी सात वर्षं तुला उगाच बोलले."

आता तुम्हीच सांगा, यानंतर कोण तोंड उघडणार? डायरेक्टरनंसुद्धा चप्पल परत पायात घातली.

ती सिरियल संपली आणि रुजेरोची कारकीर्दही संपली. पुढच्या वर्षी अर्बाबनं कंपनी बंद करून टाइल्सचं दुकान काढलं. जाण्याआधी रुजेरो माझ्याकडे आला. म्हणाला, आईच्या दारावर लावायला पाटी करून दे, तो अरबी शब्द कोरून. इस्माईलभाईंनी पेन्सिलीनं लिहून दिला, माझ्याकडे न बघता. मी सागवान घेतलं. अक्षरं खोल कोरली, तीन हात पॉलिश मारलं. माझ्या हातचं एवढं सफाईचं काम दुसरं नाही.

गेल्या वर्षी त्याचा फोन आला. आई नव्वदी ओलांडून ठणठणीत आहे. तो तिथंच राहतो. पाटी दारावरच आहे, ती रोज पुसते. बाकी सगळं बरं, पण एक कोडं सुटत नाही म्हणाला. शेजारी मोरोक्कोचं एक कुटुंब राहायला आलं. दुसऱ्याच दिवशी त्या घरातला म्हातारा दारात उभा. पाटी वाचली, छातीवर हात ठेवून सलाम केला आणि हातातली मोडकी खुर्ची आत आणून ठेवून गेला.

"माएस्त्रो, तिकडे लेखकाला खुर्ची देतात का? हा मान असतो का?"

मी म्हटलं, "पाय कुठला मोडलाय? पुढचा की मागचा?"